बार्बाडोसची अर्ध्या दिवसाची बसफेरी: पहिल्यांदाच जाणाऱ्यांसाठी

क्रूझचं जहाज साधारण सकाळी ब्रिजटाउनच्या धक्क्याला लागतं आणि संध्याकाळी सुटतं. हातात सात-आठ तास असतात आणि समोर एक अख्खा देश. आमच्यासारखी अमेरिकेत राहणारी मराठी कुटुंबं आई-बाबा भारतातून आले की त्यांना घेऊन अशा क्रूझवर जातात, आणि धक्क्यावर उतरल्यावर सगळ्यांना एकच प्रश्न पडतो: आता काय पाहायचं? मी दोनदा गेले. एकदा आम्ही दोघंच होतो, दुसऱ्यांदा आई-बाबा बरोबर होते. त्या अनुभवावरून माझं मत आधीच सांगून टाकते. गाइडसह साडेतीन-चार तासांची बसफेरी घ्या, आणि ती पूर्व किनाऱ्यावरच्या बाथशेबापर्यंत जाणार असेल तरच घ्या.

बाथशेबाचा आग्रह का, ते बेटाच्या आकारावरून कळतं. बार्बाडोस जेमतेम ३४ किलोमीटर लांब आणि २३ किलोमीटर रुंद आहे. क्षेत्रफळ सुमारे ४३० चौरस किलोमीटर, म्हणजे बृहन्मुंबईपेक्षाही लहान. पश्चिमेला कॅरिबियन समुद्र निळा आणि संथ. जहाजं, हॉटेलं, छत्र्या टाकलेली वाळू, सगळं त्याच बाजूला. पूर्वेला अटलांटिक. तिथून सरळ पूर्वेला निघालात तर आफ्रिकेपर्यंत मध्ये जमीन नाही, त्यामुळे लाटा सगळा जोर घेऊन येतात. जहाजावरून दिसतो तो फक्त पश्चिमेचा चेहरा. मधली उसाची शेतं आणि पलीकडचा किनारा पाहिल्याशिवाय बेट पाहिलं असं मला तरी म्हणवत नाही.

फेरी निवडताना

तीन मार्ग आहेत. पहिला, जहाजावरच फेरीचं तिकीट काढायचं. महाग पडतं, पण बस उशिरा आली तर जहाज थांबतं. वयस्कर माणसं बरोबर असतील आणि जिवाला घोर नको असेल तर हेच करा. दुसरा, स्थानिक कंपनीकडे आधीच ऑनलाइन जागा राखून ठेवायची. गट लहान असतो, गाइडला प्रश्न विचारता येतात आणि पैसेही कमी लागतात. तिसरा, धक्क्याबाहेर उभ्या असलेल्या टॅक्सीवाल्यांपैकी एकाला ठरवायचं. चार-सहा जण असाल तर हा मार्ग खरोखर चांगला आहे, फक्त गाडीची नंबर प्लेट ‘झेड’ अक्षराने सुरू होते ना ते पाहा. ती टॅक्सीची खूण. टॅक्सीला मीटर नसतो, म्हणून भाडं बसण्याआधीच ठरवायचं.

ठरवताना एक प्रश्न विसरू नका: कुठले डॉलर? बार्बाडोसचा स्वतःचा डॉलर आहे आणि १९७५पासून दोन बार्बाडोस डॉलरला एक अमेरिकन डॉलर असा दर बांधलेला आहे. दुकानांत आणि गाड्यांत दोन्ही चालतात. कोणी नुसतंच ‘साठ डॉलर’ म्हणालं तर ते साठ की तीस, हे तिथल्या तिथे स्पष्ट करून घ्या. सुटे परत मिळतात ते स्थानिक डॉलरमध्ये. ते तिथेच खर्चून टाका, घरी आणून काही उपयोग नाही.

पहिल्या वेळी आम्ही सहा ठिकाणं दाखवणारी फेरी घेतली. कागदावर छान वाटली होती. प्रत्यक्षात दोन दुकानांत मिळून तास गेला आणि बाथशेबाला दहा मिनिटं मिळाली. बसमधून उतरून किनाऱ्यापर्यंत पोचतो न पोचतो तोच हॉर्न वाजला. तेव्हापासून मी यादीतल्या ठिकाणांची संख्या बघत नाही. बाथशेबाला किती मिनिटं थांबणार? वाटेत खरेदीचे थांबे किती? आत जायची तिकिटं भाड्यात धरली आहेत का? हे तीन प्रश्न विचारते. बाथशेबाला निदान अर्धा तास हवाच.

हॅरिसन्स केव्ह ही चुनखडीची गुहा बेटाच्या मध्यभागी आहे, आत लहान ट्रामगाडीतून नेतात. ती सुंदर आहे, पण तिला स्वतंत्र वेळ द्यावा लागतो. छोट्या फेरीत गुहाही आणि पूर्व किनाराही असं करायला गेलात तर दोन्ही निसटतात. मुलं लहान असतील तर गुहा घ्या, नाहीतर किनारा.

निघण्यापूर्वी

भारतीय पासपोर्टवर थोड्या दिवसांच्या पर्यटनासाठी बार्बाडोसचा व्हिसा लागत नाही. खरी काळजी अमेरिकेच्या व्हिसाची घ्यायची. क्रूझ अमेरिकेतून निघून अमेरिकेत परतत असेल तर आई-बाबांचा व्हिसा एकाहून अधिक वेळा प्रवेश देणारा हवा, आणि वाटेतली बाकीची बेटं कुठल्या देशांची आहेत, त्यांचे नियम काय, तेही पाहून ठेवा.

कपड्यांच्या बाबतीत एक कडक कायदा आहे. लष्करी छापाचा, म्हणजे हिरव्या-खाकी ठिपक्यांचा कॅमोफ्लाज कपडा बार्बाडोसमध्ये सामान्य माणसाने घालायचा नाही. लहान मुलांची चड्डी, टोपी, पाठीवरची बॅग, सगळं त्यात आलं. आपल्याकडे मुलांच्या कपड्यांत हा छाप सर्रास असतो, म्हणून बॅग भरतानाच बघा. बाकी सुती कपडे, टोपी, पकड असलेल्या चपला आणि पाण्याची बाटली. नळाचं पाणी इथे निर्धास्त प्यावं. बेटाचा बहुतेक भाग पोवळ्याच्या चुनखडीचा आहे आणि पावसाचं पाणी त्या दगडातून झिरपत, गाळलं जात खाली साठतं.

रस्ते अरुंद आणि वळणांचे आहेत, दोन्ही बाजूंना उंच ऊस. ज्यांना गाडी लागते त्यांनी पुढची जागा धरावी, आणि आवळासुपारी किंवा आलेपाकाची वडी जवळ असू द्यावी. आईने ती पूर्ण क्रूझभर पुरवली, बसमधल्या एका कॅनेडियन आजींनासुद्धा.

आता घड्याळ. बार्बाडोसचं घड्याळ वर्षभर बदलत नाही. हिवाळ्यात मात्र फ्लोरिडाचं घड्याळ त्याच्या एक तास मागे असतं. काही जहाजं स्थानिक वेळ पाळतात, काही निघाल्या बंदराची. जहाज फ्लोरिडाच्या वेळेवर असेल आणि स्थानिक बसवाल्याने नऊची वेळ दिली असेल, तर तेव्हा जहाजावर आठच वाजलेले असतात. जहाजाच्या नऊला उतरलात तर बस गेलेली असेल. फोन आपोआप स्थानिक वेळ दाखवू लागतो, त्याने गोंधळ आणखी वाढतो. आदल्या रात्री जहाजाच्या स्वागत-कक्षात विचारा आणि दोन्ही वेळा कागदावर लिहून खिशात ठेवा.

डिसेंबर ते एप्रिल हा कोरडा हंगाम, गर्दीही तेव्हाच. जून ते नोव्हेंबर वादळांचे महिने. २०२४च्या जुलैत बेरिल वादळामुळे विश्वविजेता भारतीय संघ याच बेटावर अडकून पडला होता, हे तुम्हाला आठवत असेल.

बसमध्ये चढताना

चढताना मोठ्याने ‘गुड मॉर्निंग’ म्हणा. ड्रायव्हरला, आणि आधी बसलेल्यांनाही. ही इथली रीत आहे. दुकानात शिरताना, रस्ता विचारताना, आधी नमस्कार आणि मग काम. न बोलता थेट प्रश्न टाकला तर तो उद्धटपणा वाटतो. बाबांनी चढताना हात जोडून ‘गुड मॉर्निंग’ म्हटलं आणि आमच्या ड्रायव्हरकाकांनी त्यांना आपल्या मागचीच जागा दिली.

जागेचं गणित सोपं आहे. ड्रायव्हरला विचारा, आधी कुठे जाणार? फेरी आधी पश्चिम किनाऱ्याने उत्तरेकडे जाऊन मग पूर्वेकडून खाली येणार असेल तर समुद्र सतत डाव्या हाताला राहतो. आधी पूर्वेकडे जाऊन परत पश्चिमेने येणार असेल तर उजव्या हाताला. त्याप्रमाणे खिडकी धरा. वाहतूक आपल्यासारखीच डाव्या बाजूने आहे, त्यामुळे अमेरिकेतून गेलेल्यांनी उतरताना आणि रस्ता ओलांडताना जपावं. आधी उजवीकडे पाहायचं ही लहानपणची सवय आठवा.

मिनीबसची पायरी उंच असते. गुडघ्यांचा त्रास असलेल्यांसाठी लहान स्टूल आहे का ते आधी विचारा. स्वच्छतागृहात धक्क्यावरच्या इमारतीतच जाऊन या.

शहरातून

ब्रिजटाउनच्या मध्यातून बस हळूहळू जाते. केअरनेज नावाची खाडी, तिच्यावरचा चेंबरलेन पूल, समोर पोवळ्याच्या दगडात बांधलेल्या संसदेच्या इमारती. इथली संसद १६३९ सालची आहे. जवळच्या चौकाला पूर्वी ट्रॅफल्गर स्क्वेअर म्हणत, आता नॅशनल हीरोज स्क्वेअर. तिथे १८१३पासून उभा असलेला ब्रिटिश नौसेनानी नेल्सनचा पुतळा १६ नोव्हेंबर २०२० रोजी उतरवला गेला, आणि पुढच्याच वर्षी ३० नोव्हेंबरला बार्बाडोस प्रजासत्ताक झालं. स्वातंत्र्य १९६६चं, पण ब्रिटनची राणीच राष्ट्रप्रमुख राहिली होती ती २०२१पर्यंत. जुनं शहर आणि शेजारची गॅरिसन ही लष्करी वसाहत २०११पासून जागतिक वारसा यादीत आहे.

क्रिकेटवेड्यांसाठी केन्सिंग्टन ओव्हल धक्क्यापासून अगदी जवळ आहे. बहुतेक बस नुसती बाहेरून जाते. गट लहान असेल तर सर गारफिल्ड सोबर्सच्या पुतळ्यापाशी दोन मिनिटं थांबवायला सांगा, कोणी नाही म्हणत नाही. २९ जून २०२४ रोजी विश्वचषक जिंकल्यावर रोहित शर्माने ज्या खेळपट्टीची चिमूटभर माती तोंडात टाकली ती इथली. पण बाबा तिथे उतरले ते १९७१साठी. वाडेकरांच्या संघाने वेस्ट इंडिजमधली ती मालिका जिंकली. इथल्या कसोटीत दिलीप सरदेसाईंनी १५० आणि गावसकरांनी नाबाद ११७ केल्या. त्याच मैदानावर १९९७ साली सचिनच्या संघाला जिंकायला १२० धावा हव्या होत्या आणि सगळे ८१ धावांत बाद झाले. आणि इथेच १९६२ साली चार्ली ग्रिफिथचा चेंडू डोक्याला लागून आपले कर्णधार नरी काँट्रॅक्टर मरणाच्या दारात पोचले होते. तेव्हा रक्त देणाऱ्यांत वेस्ट इंडिजचा कर्णधार फ्रँक वॉरेल होता, आपले चंदू बोर्डे आणि बापू नाडकर्णीही होते. बाबांनी हे ड्रायव्हरकाकांना सांगितलं. वॉरेलचं नाव निघताच काकांनी टोपी काढली.

आत, उसाच्या दिशेने

शहर सोडून पूर्वेकडे निघालात की एका मोठ्या चौकात उघड्या अंगाचा, दोन्ही हात वर केलेला पुरुषाचा पुतळा दिसतो. मनगटांवरून तुटलेल्या साखळ्या लोंबताहेत. गुलामीतून मुक्तीचं हे स्मारक कार्ल ब्रूडहेगन यांनी केलं, १९८५ साली उभं राहिलं. लोक त्याला ‘बुसा’ म्हणतात, १८१६च्या गुलामांच्या उठावाच्या पुढाऱ्याच्या नावावरून. बस इथे थांबत नाही, म्हणून चौकाच्या आधीच कॅमेरा बाजूला ठेवा आणि नीट पाहा. पुढचं सगळं बेट त्या पुतळ्याच्या अर्थाने समजतं.

उदाहरणार्थ गन हिल. उंचावरची चौकी, खाली अर्धं बेट पसरलेलं, जवळच १८६८ साली चुनखडीत कोरलेला पांढरा सिंह. सगळे सिंहाचे फोटो काढतात. ही चौकी मात्र १८१८ची आहे, उठावानंतर दोनच वर्षांनी बांधलेली. अशा चौक्यांची बेटभर साखळी होती. समुद्रातली जहाजं पाहायला, तशीच मळ्यांत पुन्हा काही पेटलं तर इशारा द्यायला. गाइडने हे आपणहून सांगितलं नाही तर विचारा.

वाटेत रंगीत लाकडी घरं दिसतील, मध्ये दार आणि दोन्ही बाजूंना एकेक खिडकी. इथे त्यांना चॅटल हाउस म्हणतात, म्हणजे जंगम घर. पाया खणलेला नसतो, घर दगडांच्या चवडींवर ठेवलेलं असतं. १८३८ साली गुलामी पुरती संपली, तरी जमीन मळेवाल्यांचीच राहिली. मजूर मळ्याच्या जागेत राहत, आणि मालकाने हाकललं तर घर सुटं करून, गाडीवर घालून दुसरीकडे न्यावं लागे. सगळी जमीन आधीच मळ्यांखाली असल्यामुळे मोकळ्या झालेल्या माणसांना तिथेच कामाला राहणं भाग पडलं. म्हणून त्रिनिदाद-गयानासारखे हिंदुस्थानातले गिरमिटिये, म्हणजे करारावरचे मजूर, इथे आणले गेले नाहीत. इथले भारतीय नंतरचे. विसाव्या शतकात आलेले गुजराती व्यापारी दारोदार फिरून उधारीवर कापड विकत.

‘दाढीवाला अंजीर’ हे इथलं झाड ओळखायला आपल्याला गाइड लागत नाही, पारंब्या सोडलेला वडाचाच भाऊबंद आहे. बार्बाडोस म्हणजे ‘दाढीवाले’, आणि हे नाव त्या पारंब्यांवरून पडलं असं इथे सांगतात. देशाच्या राजचिन्हावरही तेच झाड आहे. कोकणातून आलेल्यांना परसदारी नीरफणस दिसेल. आई खिडकीतून बोट दाखवत राहिली.

बाथशेबा

घाट उतरताना समुद्र एकदम खाली उघडतो. इथे पोवळ्याचा दगड संपून मातीचे, ठिसूळ उतार सुरू होतात, म्हणून भूभाग वेगळा दिसतो. किनाऱ्यावर घराएवढे खडक उभे आहेत, लाटांनी पायथ्याशी कुरतडलेले, छत्रीसारखे. जुन्या पोवळ्याच्या खडकाचे हे तुकडे.

इथे पोहायचं नाही. ओढ जबर आहे, पाण्याखाली खडक आहेत. लाटांवर फळी घेऊन जाणारे तरुण दिसतील, ते तयारीचे असतात. ओहोटीच्या वेळी खडकांतल्या उथळ डबक्यांत पाय बुडवा, तेवढं पुरे. फोटो पहिल्या पाच मिनिटांत उरकून घ्या आणि मग कुठेतरी बसा. वारा खारट आणि जोराचा असतो, टोपी हातात धरा.

काही फेऱ्या याआधी सेंट जॉनच्या चर्चमध्ये थांबतात. कड्यावरचं हे दगडी चर्च १८३१च्या वादळानंतर पुन्हा बांधलेलं आहे. मागच्या कबरस्तानात बायझंटाइन, म्हणजे पूर्व रोमन, सम्राटांचा वंशज म्हणवणाऱ्या एका माणसाची कबर आहे आणि तिच्यापलीकडे थेट पूर्व किनाऱ्याचा देखावा. आवाज हळू ठेवा, प्रार्थना चालू असेल तर आत जाऊ नका.

खाणं

मासे खाणाऱ्यांनी उडता मासा आणि कुकू मागवावा. कुकू म्हणजे मक्याचं पीठ आणि भेंडी घालून घोटलेलं, उकडीसारखं. हाच इथला राष्ट्रीय पदार्थ. शाकाहाऱ्यांनी बटाटा-चण्याची रोटी विचारावी, ती त्रिनिदादकडून आली आहे. मांसाचा रस्सा नको हे स्पष्ट सांगा. नोव्हेंबरात गेलात तर कॉन्की नक्की खा: मक्याचं पीठ, नारळ, भोपळा, रताळं, केळीच्या पानात गुंडाळून वाफवलेलं. पातोळ्यांवर वाढलेल्या माणसाला पहिल्या घासात घर आठवतं. चिंचेच्या साखर लावलेल्या गोळ्या बाराही महिने मिळतात.

परत येताना

पश्चिमेच्या वाळूवर उतरवलं तर झाडं पाहून बसा. मँचिनील नावाचं झाड विषारी आहे, फळ छोट्या हिरव्या सफरचंदासारखं. बऱ्याच ठिकाणी बुंध्याला लाल पट्टा मारलेला असतो. फळाला हात लावू नका आणि पावसात त्याच्याखाली उभे राहू नका, ठिबकणाऱ्या पाण्यानेही कातडी भाजते. मुलांना हे बसमध्येच सांगा.

ड्रायव्हर-गाइडला उतरताना भाड्याच्या दहा टक्क्यांच्या आसपास हातात द्यावं. जहाजावर चढायची शेवटची वेळ सुटायच्या वेळेच्या बरीच आधी असते. स्वतः ठरवलेल्या गाडीने जात असाल तर त्या शेवटच्या वेळेच्याही दीड तास आधी धक्क्यावर असा. संध्याकाळी शहराच्या रस्त्यावर गाड्या मुंगीच्या चालीने सरकतात.

आणि वेळ उरलाच, अंगात बळ असलं, तर साधी बस घ्या. निळी सरकारी, पिवळी मिनीबस किंवा ‘झेडआर’ म्हणतात ती पांढरी व्हॅन, तिकीट एकच, साडेतीन बार्बाडोस डॉलर, कितीही लांब जा. सरकारी बसमध्ये सुटे परत मिळत नाहीत, नेमके पैसे ठेवा. थांब्यांच्या पाट्यांवर ‘टू सिटी’ किंवा ‘आउट ऑफ सिटी’ असं लिहिलेलं असतं. जहाजाकडे परतताना ‘टू सिटी’च्या पाटीखाली उभे राहा, आणि बस दिसली की हात करा.